यवतेश्वर चढता येतो म्हणून शर्यत मारता येत नाही : सायकल शर्यतीतल्या या चुका टाळा

साताऱ्यात सायकलवाल्याची पत एकाच प्रश्नावर ठरते. "यवतेश्वर किती मिनिटांत?" यवतेश्वरच्या घाटाखाली, समर्थ मंदिरापाशी घड्याळ लावायचं, घाट संपला की बंद करायचं आणि तो आकडा आठवडाभर मिरवायचा. मीही मिरवलाय. त्याच आकड्याच्या जोरावर पहिल्यांदा जिल्ह्याबाहेर शर्यतीला गेलो आणि पंधराव्या मिनिटाला बंचमधून, म्हणजे एकत्र पळणाऱ्या घोळक्यातून, बाहेर फेकला गेलो. दीड किलोमीटरचं वर्तुळ, चार कोपरे, रस्ता तळहातासारखा सपाट. चढ औषधालाही नव्हता.

तेव्हापासून नव्या पोरांना मी आधी एवढंच विचारतो, की बाबा, नाव कशाला दिलंयस? निम्म्यांना सांगता येत नाही. "सायकल रेस आहे दादा," म्हणतात. कुस्ती आणि कबड्डी, दोन्हीत अंगाला माती लागते म्हणून तो एकच खेळ होत नाही. सायकलीचंही तसंच आहे. रोड रेस, क्रिटेरियम (छोट्या वर्तुळावर फेऱ्या मारायची शर्यत), टाइम ट्रायल, ट्रॅक, माउंटन बाइक, सायक्लोक्रॉस, बीएमएक्स, आणि आता ग्रॅव्हल, म्हणजे खडीच्या कच्च्या रस्त्यावरची शर्यत, जिची जागतिक अजिंक्यपद स्पर्धा २०२२ मध्ये पहिल्यांदा झाली. बहुतेकांची सायकल वेगळी, डावपेच वेगळे आणि चुकाही वेगळ्या. पाय कमी पडले म्हणून हरलेले मी थोडे पाहिलेत. एका शर्यतीची सवय दुसऱ्या शर्यतीत घेऊन गेले म्हणून हरलेले पुष्कळ.

वर्तुळाच्या शर्यतीत मागे राहणं

सपाटीवर ताशी ३०-३५ किलोमीटरच्या पुढे गेलं की तुमची बहुतेक ताकद हवा कापण्यात जाते. वेग वाढेल तसा हवेचा विरोध वर्गाच्या पटीत वाढतो. पुढच्याच्या चाकामागे नीट बसलात तर ४० च्या वेगाला साधारण तिसरा हिस्सा ताकद वाचते. घाटात १२ च्या वेगाने चढताना मात्र हा फायदा नावालाच उरतो. म्हणून होतं काय, की घाटात वाढलेल्या आमच्या पोरांना दुसऱ्याच्या चाकामागे बसायची सवयच लागत नाही. एकट्याने दम काढायचा, एवढंच ठाऊक. मग क्रिटेरियममध्ये ती एक तर सगळ्यात पुढे जाऊन सगळ्यांची हवा खात बसतात, नाहीतर घाबरून सगळ्यात मागे.

मागे बसणं सोपं वाटतं, पण तेच महागात पडतं. कोपऱ्यावर पुढचा थोडा ब्रेक लावतो, त्याच्या मागचा जास्त, आणि शेवटचा जवळजवळ थांबतोच. कोपरा सुटला की पुढचे आरामात निघून जातात आणि शेवटच्याला जीव खाऊन स्प्रिंट मारावी लागते. एका फेरीत चार कोपरे, अशा वीस फेऱ्या, म्हणजे ऐंशी स्प्रिंट. माझं पंधराव्या मिनिटाला हेच झालं होतं. पाय शाबूत होते, जागा चुकली होती. बंचच्या पुढच्या तिसऱ्या भागात राहा, पण पहिल्या नंबरावर उगाच राबू नका. ब्रेक कोपऱ्याच्या आधी लावायचा, वळणात नाही. आतल्या बाजूचं पेडल वर हवं, नाहीतर वाकल्यावर ते रस्त्याला टेकतं आणि सायकल उडते.

चाकामागे बसताना नजर पुढच्याच्या मागच्या चाकावर खिळवू नका. त्याच्या खांद्याकडे बघा, चाक आपोआप दिसतं. आपलं पुढचं चाक त्याच्या मागच्या चाकाच्या शेजारी कधीही घुसवायचं नाही. तो वीतभर जरी सरकला तरी तुमचं चाक घासतं. आपटतो मागचा, पुढच्याला कळतही नाही.

याचा सराव आम्ही पहाटे कोरेगावच्या रस्त्यावर करतो, चौघं-पाचजण. सुरुवातीला मध्ये सायकलभर अंतर, सवय झाली की अर्धं. पण गळिताचा हंगाम असला तर डोळे उघडे ठेवा. उसाच्या ट्रॉल्यांमधून पडलेली कांडी अंधारात दिसत नाही, आणि पातळ टायर त्यावर गेलं की गोट्यावर पाय पडल्यागत सटकतं. पुढच्याने हात दाखवून "कांडी!" असं ओरडायचं, हा आमच्याकडचा अलिखित नियम. रहदारी सुरू झाली की एका रांगेत, तिथे हट्ट नको.

टाइम ट्रायल म्हणजे लांबलेली स्प्रिंट नव्हे

इथे एकेक जण ठरावीक अंतराने सुटतो आणि दुसऱ्याच्या चाकामागे बसायला बंदी असते. आंतरराष्ट्रीय नियमात पुढच्यापासून २५ मीटर मागे किंवा बाजूला २ मीटर अंतर ठेवावं लागतं. पुढच्याला गाठलं की निमूटपणे बाजूने जायचं. "जरा दम खातो मागे बसून" ही रोड रेसमधली हुशारी इथे दंड करते.

नेहमीची चूक पहिल्या पाच मिनिटांत होते. अंगात जोश असतो, पाय ताजे असतात, श्वास लागलेला कळत नाही. कळतो तेव्हा उशीर झालेला असतो. पहिला चौथा हिस्सा "आपण जरा हळूच चाललोय का?" असं वाटेल असा काढा.

दुसरी चूक वाऱ्याची. जाऊन-येऊन ४० किलोमीटरची शर्यत, जाताना वारा तोंडावर. पोरं म्हणतात, जाताना जपू, येताना उडवू. हिशोब करून बघा. जाताना ३० ने गेलात तर २० किलोमीटरला ४० मिनिटं, येताना ४० ने आलात तर ३० मिनिटं. जास्त वेळ तुम्ही वाऱ्याच्या तोंडीच असता, म्हणून मिनिटं तिथेच वाचवायला जागा असते. थोडा जास्त जोर तिकडे लावायचा. चढ-उताराच्या रस्त्यालाही हेच गणित लागू पडतं.

घाटातल्या चुका, कारण घाट आपलाच

आता म्हणाल, घाट तर आम्हाला येतो. येतो, पण पहिल्याच वळणाला आपण तो जिंकायला निघतो. साताऱ्याहून कासपर्यंत साधारण २५ किलोमीटर, आणि पठार सुमारे १२०० मीटर उंचीवर. यवतेश्वरलाच सगळं काढून दिलं तर पुढच्या चढावर सायकल हातात घ्यायची वेळ येते.

गिअरबद्दल एक खोटा ताठा आहे. मागे मोठं दातेरी चक्र लावलं की हसतात, "शिडी लावलीस का?" हसू द्या. पुढे ३४ आणि मागे ३२ दातांचं चक्र असेल तर पाय मिनिटाला ७०-८० फिरत राहतात. जड गिअरवर ५० ने रेटत राहिलात तर आधी मांड्या भरतात, मग गुडघा बोलतो. गुडघ्याचं दुखणं पुढून असेल तर बहुतेक वेळा सीट खाली आहे, मागून असेल तर वर. पेडल सगळ्यात खाली असताना त्यावर टाच ठेवा, पाय सरळ व्हायला हवा. तसं झालं की चवडा ठेवल्यावर गुडघा हवा तेवढा वाकलेला राहतो. हात बधिर होत असतील तर सीटचं नाक खाली झुकलंय का ते आधी बघा, मग हँडलला दोष द्या.

उतार ही मात्र खरी भीतीची जागा. रिम ब्रेक (चाकाच्या कडेला, म्हणजे रिमला दाबणारा) असेल आणि लांब उतारावर तो सतत दाबून धरला, तर रिम इतकी तापते की ट्यूब फुटू शकते. थोडा जोरात दाबा, सोडा, पुन्हा दाबा. पावसाळ्यात यवतेश्वरच्या वळणांवर शेवाळ, धुकं, वरून आलेली बारीक खडी, आणि फुलांच्या दिवसांत पर्यटकांच्या गाड्या. त्या दिवसांत उताराचं घड्याळ लावणारा माणूस मला शहाणा वाटत नाही.

ब्रेव्हे ही शर्यत नाही

हे वाक्य मी इतक्यांदा बोललोय की घरचेही वैतागलेत. ब्रेव्हे म्हणजे लांब पल्ल्याचं अंतर ठरलेल्या मुदतीत पुरं करायचं. २०० किलोमीटरला साडेतेरा तास, ३०० ला २०, ४०० ला २७, ६०० ला ४०. या वेळेत पोचायचं, बस. पहिला-दुसरा नंबर नसतो. फ्रान्समधली पॅरिस-ब्रेस्ट-पॅरिस ही यातली पंढरी, १२०० किलोमीटर, कमाल मुदत ९० तास, दर चार वर्षांनी.

पण आमचा घाटवीर पहाटे सुटतो तो शर्यतीसारखाच. पहिल्या कंट्रोलवर, म्हणजे वाटेतल्या हजेरीच्या ठिकाणी, इतक्या लवकर पोचतो की तो उघडलेलाच नसतो. हो, कंट्रोल बंद होण्याची वेळ असते तशी उघडण्याचीही असते. तिथे ताटकळायचं, अंग गार होऊ द्यायचं, आणि दुपारी दीडशेव्या किलोमीटरला झाडाखाली आडवं व्हायचं.

आडवं व्हायचं कारण बहुधा पोट. अंगातली साखर जोरात सायकल मारताना दीड-दोन तासांत संपत येते. भूक लागल्यावर खाल्लं तर उशीर झालेला असतो. पहिल्या अर्ध्या तासातच सुरुवात करा. तासाला ३० ते ६० ग्रॅम कर्बोदकं, म्हणजे एक मोठं केळं आणि वर चिक्की किंवा गुळाचा खडा, एवढं साधं आहे. पाण्यात मीठ-साखर-लिंबू. सकाळी पोहे, तेही सुटायच्या दोन-अडीच तास आधी. मिसळ नको. कंदी पेढे शर्यत संपल्यावर, आधी नाही. हे मी अनुभवाने सांगतोय, तपशील विचारू नका.

ट्रॅक आणि डोंगर, थोडक्यात

पुण्यात बालेवाडीला व्हेलोड्रोम, म्हणजे सायकल शर्यतीचा ट्रॅक आहे, तिथे संधी मिळाली तर जरूर जा. ट्रॅकच्या सायकलीला ब्रेक नसतो आणि फ्री व्हीलही नसतं. चाक फिरतंय तोवर पाय फिरणारच. रस्त्याच्या सवयीने पाय थांबवायला गेलात तर सायकल तुम्हाला उचलून टाकते. वळणाच्या उतरत्या भिंतीवर हळू जाणंच धोक्याचं, वेग कमी पडला की टायर खाली घसरतं. भीती वाटली की पेडल मारत राहायचं, हे डोक्याला पटायला दोन दिवस लागतात.

माउंटन बाइकवाल्यांची चूक एकच, टायर दगडासारखं टणक करणं. मातीत २०-२८ पीएसआय एवढा हवेचा दाब पुरतो, टायरला जमिनीला धरू द्या. आणि सराव करायचा तर वाटेने करा, कासच्या फुलांवरून नाही.

सुटायच्या आधीची पंधरा मिनिटं

गेल्या वर्षीची गोष्ट. आमच्यातल्या एकाने नवी डिस्क ब्रेकची सायकल पुढचं चाक काढून गाडीच्या मागे टाकली. वाटेत बॅग सरकवताना कुणीतरी ब्रेकची मूठ दाबली. मैदानावर पोचून चाक बसवायला गेला, बसेचना. हायड्रॉलिक ब्रेकमध्ये मध्ये डिस्क नसताना मूठ दाबली की पॅड एकमेकांना चिकटतात. त्याचा चेहरा पांढराफटक, माइकवर गटाचं नाव पुकारलं जातंय, आणि तो चाक जोर लावून कोंबतोय. मी प्लास्टिकचा टायर लिव्हर (टायर काढायची पट्टी) दोन पॅडच्या मध्ये घालून हळूहळू फाकवले, चाक बसलं. आणखी जोर लावला असता तर डिस्क वाकली असती. चाक काढलं की पॅडमध्ये जाड पुठ्ठ्याचा तुकडा अडकवायचा. फुकटचा उपाय आहे.

चेनचं एक दुखणं फार फसवतं. शर्यतीच्या आदल्या दिवशी हौसेने नवी चेन टाकतात आणि चढावर जोर दिला की ती दातावरून उडी मारते. दोष चेनचा नसतो. मागची कॅसेट, म्हणजे दातेरी चक्रांचा संच, जुन्या चेनसोबत झिजलेली असते, नवी तिच्यावर बसत नाही. गिअर नुसता अडखळत असेल तर केबल ताणलेली असते. डिरेलरला (चेन एका चक्रावरून दुसऱ्यावर सरकवणाऱ्या भागाला) जिथे केबल जाते तिथला बारीक नट पाव-पाव फेरा फिरवून बघा. पण सायकल उजवीकडे पडल्यानंतर गिअर बिघडला असेल तर नट फिरवत बसू नका, डिरेलर ज्यावर बसतो तो हँगर वाकलाय. तसाच सगळ्यात हलक्या गिअरला टाकलात तर डिरेलर स्पोकमध्ये जातो.

आणि पंक्चर. ट्यूब बदलायच्या आधी टायरच्या आतून बोट फिरवा, हळू, सावकाश. बाभळीचा काटा बाहेरून दिसत नाही, आत टोक असतं. तो न काढता नवी ट्यूब घातली की पाचशे मीटरवर दुसरं पंक्चर ठरलेलं.

मेढ्याच्या रस्त्यावर माझ्याकडच्या दोन्ही ट्यूब अशाच गेल्या. पहिल्या घाईत मी काटाच शोधला नव्हता. सायकल ढकलत एका टपरीपर्यंत आलो. दुकानदाराने पंक्चर पाच मिनिटांत काढलं, पण हवा भरायला गेला तर त्याची नळी बसेना. माझा वॉल्व्ह बारीक, प्रेस्टा जातीचा, आणि त्याचा कॉम्प्रेसर मोटरसायकलच्या वॉल्व्हचा. "ह्यो कसला वॉल म्हणायचा?" त्याने तो दोन बोटांत धरून फिरवून बघितला. माझा हातपंप त्या दिवशी घरी. शेवटी महाबळेश्वरकडे निघालेल्या दोन पोरांनी पंप दिला. वॉल्व्हवर बसणारी चिमूटभर पितळी टोपी मिळते, थोड्याशा पैशांत, ती लावली की कुठल्याही टपरीवर हवा भरता येते. दुसऱ्या आठवड्यात दोन घेतल्या. एक सीटखालच्या पिशवीत असते, दुसरी त्या दुकानदाराला दिली. त्याने ती गल्ल्याच्या खणात टाकलीय. परवा गेलो तर म्हणाला, "कामाला आली बघा, तुमच्यावाणी अजून येत्यात की."