नेल्सन रोद्रिगेसचा कट कसा वाचायचा

माझ्याकडे चित्रपटाचं संकलन शिकायला येणाऱ्यांना मी आधी सॉफ्टवेअर बंद करायला लावतो. 'मेमोरियास देल सुबदेसारोयो' लावायचा आणि कागद-पेन्सिल घेऊन बसायचं. १९६८चा क्युबन चित्रपट, दिग्दर्शक तोमास गुतिएर्रेस आलेआ, संकलक नेल्सन रोद्रिगेस.

पहिल्यांदा नुसता बघा. मी पहिल्याच वेळी कट, म्हणजे एक शॉट तोडून दुसरा जोडल्याच्या जागा, मोजत बसलो होतो. आकडा मिळाला, सिनेमा हुकला.

दुसऱ्यांदा टेपरेकॉर्डरच्या प्रसंगावर थांबा. बायको देश सोडून गेलीय, नायक सेर्हियो हवानाच्या फ्लॅटमध्ये एकटा. तो तिच्या वस्तू चाळवतोय आणि टेपवर दोघांचं भांडण वाजतंय. तेच भांडण प्रत्यक्ष दिसतं ते पुढे, तोवर शब्द आपल्याला माहीत झालेले असतात. म्हणून ऐकायचं काम संपतं आणि आपण चेहरे बघू लागतो. हा प्रसंग एकदा डोळे मिटून ऐका, एकदा आवाज बंद करून बघा. मग स्वतःच्या फूटेजवर करा: भांडणाचा आवाज कपड्यांच्या घड्या घालणाऱ्या हातांवर टाका, भांडणाऱ्यांची तोंडं नंतरसाठी राखून ठेवा. आवाज पूर्ण वाजू देऊ नका, वाक्य अर्ध्यावर तोडा. उरलेलं अर्धं पुढे कामाला येतं. नवशिक्यांना हेच जमत नाही, त्यांना सगळं आत्ताच ऐकवायचं असतं.

तिसऱ्यांदा वृत्तपटाचे तुकडे शोधा. क्युबाच्या चित्रपट संस्थेकडे, म्हणजे १९५९मध्ये स्थापन झालेल्या इकाइककडे, १९६०पासून सान्तियागो आल्वारेसच्या हाताखाली वृत्तपट बनत होते. कथेत असा तुकडा आला की त्याच्या आधीचा आणि नंतरचा शॉट लिहून ठेवा. तो कुणाच्या नजरेतून आलाय, ते तिथेच कळतं. दाणेदार चित्र गुळगुळीत करायचा मोह आवरा.

मग उंबेर्तो सोलासचा 'लुसिया'. त्याच वर्षीचा, संकलक तोच. तीन लुसिया, तीन काळ: १८९५, १९३२ आणि क्रांतीनंतरचं साठचं दशक. पहिला भाग अंगावर येतो, तिसरा गाण्याच्या तालावर मिश्कील चालतो. दोन्ही पाठोपाठ बघा आणि 'रोद्रिगेसची शैली' शोधायचा नाद सोडा. त्याला २००७मध्ये क्युबाचा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार मिळाला; मला विचाराल तर फार उशिरा.

१९३२चा भाग शेवटी घ्या. तो शांत आहे, कट नजरेत येत नाहीत. माझ्याकडची निम्मी मुलं तिथे डुलक्या काढतात. जागी राहतात त्यांना मी दुसऱ्या दिवशी सॉफ्टवेअरमधली टाइमलाइन, म्हणजे शॉट जोडायची पट्टी, उघडू देतो.