क्रिएटिनिन 'नॉर्मल' आलं म्हणून फाईल बंद करू नका: किडनीचे रिपोर्ट घरी कसे वाचायचे

मी डॉक्टर नव्हे हे आधीच सांगतो, गोव्यात फोंड्याला एका लॅबमध्ये सुया टोचणारा माणूस आहे. पण अकरा वर्षांत इतके रिपोर्ट हातातून गेलेत की लोक कुठे चुकतात ते पाठ झालंय.

आमच्या घरचंच सांगतो. गेल्या चवथीच्या आधी मावशी सावईवेऱ्याहून फाईल घेऊन आली, वय ६२, डायबिटीस पंधरा वर्षांचा. म्हणाली, "बाबा बघ रे, क्रिएटिनिन १.१ आलंय, बाजूला नॉर्मल लिहिलंय, म्हणजे किडनी ठीक ना?" मी फाईल उलटी चाळत गेलो तर तीन वर्षांपूर्वीचा रिपोर्ट सापडला, त्यात ०.८. तोही नॉर्मल, हाही नॉर्मल, मग कोणाला काय कळणार! पण वय धरून हिशोब केला तर तेव्हा किडनीचं काम ८५ च्या आसपास होतं आणि आता ५७, म्हणजे तीन वर्षांत एक तृतीयांश गेलं आणि एकाही रिपोर्टवर लाल खूण नाही.

तर हा हिशोब कसा करायचा. क्रिएटिनिन म्हणजे स्नायूंतून निघणारा कचरा, किडनी तो गाळून टाकते, गाळणं कमी झालं की तो रक्तात साचतो. पण ज्याचे स्नायू जास्त त्याचा कचराच जास्त, म्हणून नुसत्या आकड्याला अर्थ नाही. त्यातून ईजीएफआर काढायचा, म्हणजे किडनी मिनिटाला किती मिलिलिटर रक्त गाळते त्याचा अंदाज. बऱ्याच लॅब आता छापून देतात, नसेल तर मोबाईलवर 'सीकेडी-ईपीआय २०२१' नावाचा कॅल्क्युलेटर शोधा, क्रिएटिनिन, वय आणि स्त्री की पुरुष एवढंच घालायचं. तोच १.१ आकडा २८ वर्षांच्या पोराचा असेल तर ईजीएफआर ९४ येतो, एकदम ठणठणीत. मावशीचा ५७.

९० च्या वर चांगलं, ६० ते ८९ मध्ये लघवीचा रिपोर्ट बरा असेल तर सहसा काळजी नाही, ६० च्या खाली गेलं की लक्ष द्यायचं, ३० च्या खाली किडनीचे स्पेशालिस्ट हवेतच, १५ च्या खाली डायलिसिस-ट्रान्सप्लांटची बोलणी. आणि एकदा कमी आलं म्हणून लगेच आजार ठरत नाही, तीन महिन्यांहून जास्त काळ तसंच राहिलं तरच क्रॉनिक, म्हणजे जुनाट म्हणतात. जुलाब होऊन अंगातलं पाणी गेलं असताना टेस्ट केली तर कोणाचंही बिघडलेलं दिसेल.

आता दुसरी टेस्ट, जी करायला लोकांना कंटाळा येतो आणि माझ्या मते जी पहिली करायला हवी: लघवीतली एसीआर, म्हणजे अल्ब्युमिन आणि क्रिएटिनिनचं प्रमाण. किडनीची चाळणी फाटायला लागली की अल्ब्युमिन नावाचं प्रोटीन लघवीत गळतं, आणि डायबिटीसवाल्यांत हे बहुतेकदा ईजीएफआर घसरायच्या आधीच दिसतं. ३० च्या खाली ठीक, ३० ते ३०० म्हणजे गळती सुरू, ३०० च्या वर जोरात गळती. लोक म्हणतात "लघवी तपासली की, प्रोटीन निल आलं". अहो ती पट्टी, ती बुडवून रंग बघायचा असतो, थोडी गळती तिला दिसतच नाही. काउंटरवर स्पष्ट सांगा, साधी लघवी नको, एसीआर करायची आहे.

सॅम्पल सकाळी उठल्यावरच्या पहिल्या लघवीचं आणा, सुरुवातीची धार सोडून मधली डबीत घ्यायची. ताप असताना, लघवीला जळजळ असताना, पाळी चालू असताना नको. आदल्या संध्याकाळी फुटबॉल खेळून घामाघूम झालेला पोरगाही नको, जोराच्या व्यायामानंतर दिवसभर अल्ब्युमिन वाढलेलं येऊ शकतं. आणि एकदा वाढलेलं आलं तर घाबरून जाऊ नका, तीन महिन्यांत परत करा, तीनपैकी दोनदा वाढलेलं आलं तर खरं मानायचं. मावशीचं ८६ आलं होतं. तिची पट्टी मात्र गेली कित्येक वर्षं निल!

रक्ताच्या बाबतीतही थोडी तयारी लागते. आदल्या रात्री मटणाची शाकुती हाणून सकाळी आलात तर क्रिएटिनिन थोडं वर दिसतं, कारण शिजलेल्या मांसातच ते असतं. जिमवाले क्रिएटिनची पावडर खातात त्यांचंही तसंच, हे लोक सांगत नाहीत आणि मग रिपोर्ट बघून घाम फुटतो. काही अँटिबायोटिक, उदाहरणार्थ ट्रायमेथोप्रिम असलेल्या गोळ्या, किडनीला काही न करता आकडा वाढवतात, म्हणून चालू औषधांची यादी सोबत ठेवा. आणि शक्यतो लॅब बदलू नका. क्रिएटिनिन मोजायची जाफे नावाची रीत १८८६ सालची आहे, अजून चालते, स्वस्त पडते, पण कावीळ किंवा खूप वाढलेली साखर असली की तिच्यात गडबड होऊ शकते. दुसरी एन्झायमॅटिक रीत जास्त अचूक. एकदा या रीतीने एकदा त्या रीतीने मोजलं की ०.१ चा फरक खरा की खोटा ते कळणार कसं?

आपल्याकडे आणखी एक भानगड असते, घरचा कोणीतरी गल्फमध्ये, बोटीवर नाहीतर लंडनला. तो सुट्टीवर येतो, रिपोर्टवर क्रिएटिनिन ९७ लिहिलेलं आणि घरात रडारड. ते मायक्रोमोल आहे, ८८.४ ने भागा, १.१ येतं. तिथली एसीआरसुद्धा वेगळ्या मापात असते, तिथलं ३ म्हणजे आपलं साधारण ३०.

युरियाकडे मी फार बघत नाही. पाणी कमी प्यायलात, प्रोटीन जास्त खाल्लंत तरी वाढतो. पोटॅशियम महत्त्वाचं आहे पण रक्त काढताना पेशी फुटल्या, किंवा सॅम्पल आतल्या गावातून लॅबपर्यंत यायला तासन्तास लागले, तर ते खोटंच वाढलेलं दिसतं. त्यामुळे किडनी ठीक असताना अचानक ६ आलं तर तातडीने डॉक्टरांना दाखवायचं आणि ताजं सॅम्पल परत द्यायचं, दोन्ही, एक करून दुसरं सोडायचं नाही.

सिस्टॅटिन सी नावाची टेस्ट ऐकली असेल. हे प्रोटीन शरीरातल्या जवळपास सगळ्या पेशी बनवतात, त्यामुळे स्नायू कमी की जास्त याने फारसा फरक पडत नाही. अंथरुणाला खिळलेली आजी, पाय कापलेला माणूस, बॉडीबिल्डर, अशांचं क्रिएटिनिन फसवतं, तिथे ही कामाची, आणि दोन्ही मिळून काढलेला ईजीएफआर जास्त भरवशाचा. पण थायरॉइड बिघडलेला असेल किंवा स्टेरॉइड चालू असतील तर हीही फसवते. महाग आहे, सगळ्यांनी करायची गरज नाही. एनगॅल, किम-१ ही नावं कोणी सांगितली तर ती मुख्यतः किडनीला अचानक झालेल्या इजेसाठी आहेत, घरच्या चेकअपला त्यात पैसे घालू नका.

काणकोणवाल्यांसाठी वेगळं सांगायला हवं. तिथे डायबिटीस नाही, बीपी नाही, तरी किडनी गेलेली माणसं आहेत, संशोधकांनी तिथल्या जमिनीखालच्या पाण्यातल्या सिलिकाकडे बोट दाखवलंय, पण कारण अजून पक्कं ठरलेलं नाही. या प्रकारात मार बसतो तो चाळणीला नव्हे, पुढच्या बारीक नळ्यांना, आणि म्हणून एसीआर बराच काळ चांगली येऊ शकते. वर मी एसीआर पहिली म्हटलं ते इथे लागू नाही, इथे क्रिएटिनिन आणि ईजीएफआर न चुकता. लघवीत बीटा-२ किंवा अल्फा-१ मायक्रोग्लोब्युलिन तपासतात ते याचसाठी, चांगल्या नळ्या ही बारीक प्रोटीनं परत शोषून घेतात, बिघडल्या की ती लघवीत उतरतात. पण ती टेस्ट स्पेशालिस्ट सांगतील तेव्हाच.

किती वेळा करायचं? टाईप २ डायबिटीस कळला त्याच वर्षापासून दर वर्षी दोन्ही टेस्ट, बीपीवाल्यांनीही तेच धरून चला. मावशीसारखं दोन्हीकडे थोडं बिघडलेलं असेल तर वर्षातून दोनदा. एसीआर ३०० च्या वर, ईजीएफआर ३० च्या खाली, किंवा आकडे भराभर पडतायत, असं काही असेल तर वाट बघू नका, बांबोळीला गोमेकॉत, म्हणजे गोवा मेडिकल कॉलेजात, नेफ्रोलॉजी म्हणजे किडनीचा विभाग आहे, फॅमिली डॉक्टरांची चिठ्ठी आणि सगळे जुने रिपोर्ट घेऊन जा. आकडा एकदम उडाला तर आठवून बघा, जुलाब झाले होते का, गुडघ्यासाठी डायक्लोफेनॅकसारखी दुखण्याची गोळी खाल्ली का, कोणाच्या सांगण्यावरून बिंबलांचा (ती आंबट हिरवी लांबट फळं, बिलिंबी) रस प्यायलात का. कोलेस्टेरॉलवर म्हणून पेला भरून पितात लोक, त्यातल्या ऑक्झॅलेटने किडनी बंद पडलेल्या केसेस केरळात नोंदल्या गेल्यात. कढीतली दोन बिंबलं वेगळी, पेलाभर रस वेगळा. आणि किडनी आधीच कमजोर असेल तर करमलं, म्हणजे स्टारफ्रूट, अजिबात नको, ती डोक्यावर परिणाम करतात, फिट येऊ शकते.

मावशीला डॉक्टरांनी टेल्मिसार्टन ही बीपीची, किडनीची गळतीही कमी करणारी गोळी सुरू केली, तीन आठवड्यांनी क्रिएटिनिन १.३. तिने घाबरून गोळी बंद करायचं ठरवलंच होतं. या जातीच्या गोळ्यांनी सुरुवातीला आकडा थोडा चढतोच, पहिल्या महिन्यात ३० टक्क्यांपर्यंतची वाढ डॉक्टर साधारणपणे चालवून घेतात, तिची अठरा टक्के होती. पोटॅशियम तेवढं त्याच वेळी बघायचं, ते ठीक होतं. दत्तजयंतीच्या सुमाराला परत केलं तेव्हा क्रिएटिनिन १.२ आणि एसीआर ८६ वरून ४८. तिला वाटलं क्रिएटिनिन अजून पहिल्याइतकं नाही म्हणजे बिघडलं, मी म्हटलं अगं गळती जवळजवळ निम्म्यावर आली, गोळी कामाला लागलीय.

आता तिने शाळकरी वही केलीय, एका ओळीत तारीख, क्रिएटिनिन, ईजीएफआर, एसीआर, पोटॅशियम, बीपी आणि शेवटी 'नवीन गोळी काय'. या शेवटच्या रकान्यावरूनच डॉक्टर तिच्याशी जास्त बोलतात म्हणे. पुढची ओळ मिरगाच्या आधी भरायचीय, डबी मी आत्ताच देऊन ठेवलीय.