स्वस्त धान्य दुकान निलंबित झालंय? आव्हान देताना या चुका टाळा

प्राधिकारपत्र, म्हणजे दुकानाचा परवाना, निलंबित झालं की दुकानदार धावत येतो आणि विचारतो, ‘हायकोर्टात स्टे मिळेल का?’ मी आधी विचारतो, कारणे दाखवा नोटिशीला खुलासा काय दिला होता? बहुतेक प्रकरणं तिथेच बिघडलेली असतात.

घाबरून दिलेला खुलासा

तहसीलबाहेरच्या टायपिंगवाल्याकडून घाईघाईत करून घेतलेलं एक पान असतं. त्यावर लिहिलेलं असतं, ‘नजरचुकीने साठ्यात फरक आला, पुन्हा असे होणार नाही, माफी असावी.’ झाली कबुली! पुढे अपिलात कितीही चांगला मुद्दा मांडा, समोरून हेच पान काढलं जातं.

समजा, धान्यवाटपाची नोंद ठेवणाऱ्या ई-पॉस मशीनवरचा शिल्लक साठा आणि दुकानातला गहू यांत दोन क्विंटलचा फरक दाखवलाय. आधी पंचनामा नीट वाचा. पोती काट्यावर वजन केली, की नुसती मोजून पन्नासने गुणली? काट्याचा उल्लेखच नसेल तर ते खुलाशात ठळक लिहा. गोदामातून माल कोणत्या तारखेला उतरला, मशीनवर तो कधी जमा झाला, नेटवर्क बंद असलेल्या दिवशी वाटप कसं झालं, याची पोच आणि नोंदवहीची पानं जोडा. नोटिशीतल्या प्रत्येक आरोपाला वेगळं उत्तर हवं.

फरक खरोखर असेल तर मात्र बनावट पावत्या करू नका. अंत्योदय कुटुंबाचे ३५ किलो आणि प्राधान्य कुटुंबातल्या माणशी ५ किलो धान्यावर कुणाचं तरी घर चालतं, आणि खोट्या कागदाने प्रकरण फौजदारीकडे वळतं.

जबाब न मागणं

‘कार्डधारकांनी तक्रार केली’ एवढ्यावर गप्प बसू नका. तपासणी अहवाल आणि जबाबांच्या नकला लेखी मागा, अर्जावर आवक शिक्का घ्या. नकला न देताच आदेश काढला, तर नैसर्गिक न्यायाचा, म्हणजे बाजू मांडायची रास्त संधी न मिळाल्याचा मुद्दा त्या शिक्क्यामुळेच उभा राहतो.

‘साहेब बोललेत’ म्हणून थांबणं

सार्वजनिक वितरण व्यवस्थेच्या २०१५ च्या केंद्रीय नियंत्रण आदेशानुसार, निलंबन किंवा रद्द करण्याच्या आदेशावर तो मिळाल्यापासून ३० दिवसांत अपील करायचं असतं. ‘पुढच्या महिन्यात सुरू करून देतो’ या तोंडी शब्दावर हे दिवस निघून जातात, मग विलंब माफीचा अर्ज करत बसावं लागतं. आदेश हातात घेताना सहीखाली तारीख घाला. पोस्टाने आला तर पाकीट फेकू नका.

नुसतं अपील दाखल केलं म्हणून दुकान उघडत नाही. स्थगितीचा अर्ज वेगळा द्या. निकाल लागेपर्यंत आदेशाचा अंमल थांबवण्याचा अधिकार अपील प्राधिकाऱ्याला त्याच २०१५ च्या नियंत्रण आदेशाने दिलेला आहे.

थेट हायकोर्ट

अपिलाची सोय असताना राज्यघटनेच्या कलम २२६ खाली हायकोर्टात रिट याचिका केली, तर ‘आधी तिकडे जा’ असंच बहुधा ऐकावं लागतं. तोवर तीस दिवसही उलटलेले असतात. सर्वोच्च न्यायालयाने १९९८ च्या व्हर्लपूल प्रकरणात याला अपवाद सांगितले आहेत: मूलभूत हक्कांचा भंग, नैसर्गिक न्यायाचं उल्लंघन, अधिकारक्षेत्र नसताना दिलेला आदेश, किंवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान. तुमचं प्रकरण यात बसत असेल तर जरूर जा. पण गहू किती कमी होता हा वाद रिटमध्ये सहसा उकलला जात नाही.

आदेश न वाचताच लढणं

‘खुलासा समाधानकारक नसल्याने प्राधिकारपत्र निलंबित करण्यात येत आहे.’ का समाधानकारक नाही? पुढे एक ओळही नसते. मला हा सगळ्यात मोठा मुद्दा वाटतो आणि तोच अपिलात सुटून जातो. आदेशात नसलेली कारणं नंतर शपथपत्रातून घालता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने मोहिंदरसिंग गिल प्रकरणात १९७७ मध्येच सांगितलंय. आदेश नोटिशीशेजारी ठेवून वाचा. नोटिशीत नसलेला आरोप आदेशात घुसलाय का, तेही तपासा.

जीवनावश्यक वस्तू अधिनियम, १९५५ खाली गुन्हाही दाखल असेल तर तो स्वतंत्र चालतो. त्यात सुटलात म्हणून प्राधिकारपत्र आपोआप परत मिळत नाही, तेव्हा त्या निकालाची वाट बघत अपील लांबवू नका.

निलंबनाच्या काळात कार्डं शेजारच्या दुकानाला जोडली जातात. शिल्लक धान्य आणि मशीन सोपवताना पोतं पोतं वजन करून घ्या, यादीवर निरीक्षकाची सही घ्या आणि एक प्रत स्वतःकडे ठेवा.