नाशिक दर्शन एका दिवसात: गाडी ठरवण्याआधी काय विचारावं, दिवस कसा लावावा

नाशिक दर्शनाच्या गाड्यांचे फलक बघा. प्रत्येकावर पॉइंटची लांबलचक यादी असते. रामकुंड, काळाराम, सीता गुंफा, तपोवन, मुक्तिधाम, पांडवलेणी, सोमेश्वर, त्र्यंबकेश्वर, आणि जमलं तर अंजनेरीही. ज्या गाडीचे पॉइंट जास्त ती चांगली, असं धरून माणसं सीट बुक करतात आणि दिवसभर गाडीत चढत-उतरत राहतात. मी सराफ बाजारामागच्या वाड्यात वाढले आणि बऱ्याच वर्षांपासून पाहुण्यांना हे शहर दाखवण्याचंच काम करते. माझं पहिलं सांगणं असं की पॉइंट किती, हे नंतर विचारा. आधी विचारा, कुठल्या पॉइंटवर गाडी किती वेळ थांबणार.

काळाराम मंदिराला वीस मिनिटं देणारी गाडी असेल तर ती सोडून द्या. चप्पल ठेवणं, रांग, दर्शन यातच वीस मिनिटं जातात; मंदिर बघायचं राहूनच जातं. पंचवटीतल्या सगळ्या ठिकाणांना मिळून अडीच-तीन तास आणि पांडवलेण्यांना, चढ-उतार धरून, दोन तास मिळत असतील तर ती गाडी घ्या. बाकीचे पॉइंट कमी झाले तरी चालतील.

दुसरा प्रश्न गाईडचा. गाईड खाली उतरून सोबत चालणार, की ड्रायव्हरच स्टेअरिंगवरून माहिती सांगणार? अनेक गाड्यांत ‘गाईड’ म्हणजे गाडी थांबली की ‘अर्ध्या तासात परत या’ असं सांगणारा माणूस. तसं असेल तर भाडं त्या मानाने ठरवा, आणि ठिकाणाची माहिती आदल्या रात्री वाचून या. तिसरा प्रश्न जेवणाचा आणि खरेदीचा. जेवण ठरलेल्या ढाब्यावरच का, आणि पैठणीच्या किंवा चिवड्याच्या दुकानात गाडी थांबणार का? दुकानातला थांबा पाऊण तास खातो, आणि तो पाऊण तास लेण्यांच्या वाट्यातून जातो. नको असेल तर आधीच स्पष्ट सांगा. चारचौघांनी मिळून सांगितलं तर ऐकतात.

वार बघून या. बुधवारी गंगेवर आठवडे बाजार भरतो, त्या दिवशी गाडी घाटाजवळ जात नाही, लांब उतरून चालावं लागतं. (आम्ही नाशिककर गोदावरीला गंगाच म्हणतो. कुणी ‘गंगेवर या’ म्हणालं तर रामकुंडाकडे निघा.) सोमवारी आणि श्रावणात त्र्यंबकला अफाट रांग असते. शिवाय २०२७ च्या सिंहस्थाची कामं शहरभर चालू आहेत, म्हणून गाडी ठरवताना घाटाकडचा रस्ता सध्या खुला आहे का, हेही विचारून घ्या.

त्र्यंबकेश्वराबद्दल माझं मत ठाम आहे. नाशिक आणि त्र्यंबक एका दिवसात बसवू नका. अंतर तीसेक किलोमीटरच आहे, पण रांगेचा भरवसा नाही. रांगेत तीन तास गेले की नाशिकचे तीन पॉइंट ‘गाडीतूनच बघा’ होतात. ज्योतिर्लिंग, कुशावर्त, ब्रह्मगिरी, नानासाहेब पेशव्यांनी उभारलेलं ते काळ्या पाषाणातलं मंदिर, या सगळ्याला स्वतंत्र दिवस द्यावा. एकच दिवस हाताशी असेल आणि त्र्यंबक करायचंच असेल, तर पहाटेच थेट तिकडे निघा, अकरापर्यंत मोकळे व्हा, आणि परतल्यावर फक्त पंचवटी बघा. लेणी पुढच्या खेपेला.

आता नुसत्या नाशिकचा दिवस. सकाळी आठच्या सुमारास पांडवलेण्यांच्या पायथ्याशी असावं. बहुतेक गाड्या पंचवटीपासून सुरुवात करतात आणि लेणी दुपारी घेतात. तेव्हा ऊन माथ्यावर, पोटात जेवण आणि समोर दोनेकशे पायऱ्या. मग निम्मी गाडी पायथ्याशीच रसवंतीवर बसून राहते. बुकिंग करताना लेणी सकाळी घ्यायला सांगा. शहराच्या मध्यापासून आठ किलोमीटर, मुंबई-आग्रा रस्त्याला लागून त्रिरश्मी डोंगर आहे, लेणी त्यातच कोरलेली. मिसळ खायची असेल तर ती लेणी उतरल्यावर. तर्रीदार मिसळ खाऊन हा चढ चढू नये.

वर एकूण चोवीस लेणी आहेत. सगळी बघू नका. तीन, दहा आणि अठरा या तीन क्रमांकांसमोर नीट उभे राहा. पांडवांचा इथे काही संबंध नाही. ही बौद्ध भिक्खूंची लेणी, सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीपासून कोरली गेलेली. राजांनी दान दिलं तसं साध्या माणसांनीही दिलं. अठरा क्रमांकाच्या चैत्यगृहाच्या, म्हणजे स्तूप असलेल्या प्रार्थनागृहाच्या, दर्शनी भागावर ब्राह्मी लिपीत लिहिलंय की हे धंभिक गावाचं दान, नाशिककरांचं. एका गावाने मिळून केलेलं काम, आणि त्यात आपल्या शहराचं नाव! मी तिथे प्रत्येक वेळी थांबते.

तीन क्रमांकाचं लेणं सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णीच्या घराण्याचं. दर्शनी भाग जणू खांद्यावर पेलून धरणारे गण आधी बघा, मग वरचा लेख. तो त्याच्या आईने, गौतमी बलश्रीने, मुलाच्या पश्चात कोरवून घेतलाय. ज्याच्या घोड्यांनी तीन समुद्रांचं पाणी प्यालं असा माझा मुलगा, असं ती सांगते. सातवाहनांचा इतिहास लिहिताना अभ्यासक ज्या मोजक्या लेखांवर विसंबतात त्यातला हा एक.

दहा क्रमांकाचं लेणं गौतमीपुत्राच्या शत्रुपक्षाचं, म्हणजे क्षत्रप घराण्यातला राजा नहपान याच्या जावयाचं, उषवदाताचं. इथला लेख गाईडकडून ओळ न् ओळ समजून घ्या. उषवदाताने भिक्खूसंघासाठी तीन हजार कार्षापण (तेव्हाची नाणी) ठेव म्हणून दिले, आणि ठेवले कुठे, तर गोवर्धनातल्या विणकरांच्या श्रेणींकडे, म्हणजे व्यावसायिक संघांकडे. दोन हजार एका श्रेणीकडे दरमहा शेकडा एक व्याजाने, एक हजार दुसरीकडे दरमहा शेकडा पाऊण व्याजाने. मुद्दल परत घ्यायचं नाही, फक्त व्याज वापरायचं. लेण्यात वर्षावासाला, म्हणजे पावसाळ्याच्या मुक्कामाला, राहणाऱ्या वीस भिक्खूंना त्यातून प्रत्येकी बारा कार्षापण चीवरासाठी, म्हणजे वस्त्रासाठी, मिळणार. जळगावचे बँकेतून निवृत्त झालेले एक काका हे ऐकून तिथेच बोटांवर हिशेब करू लागले. दोन हजारांचे महिन्याला वीस, वर्षाला दोनशे चाळीस. वीस भिक्खूंना बारा-बारा म्हणजे दोनशे चाळीस. बरोबर जुळतं, म्हणाले, आणि सगळ्या गाडीला पुन्हा समजावून सांगितलं. गोवर्धन गाव आजही गंगापूर रस्त्याला आहे.

लेण्यांत जाताना टॉर्च असलेला मोबाईल हवा, आत अंधार असतो. लेखांना हात लावू नका आणि मुलांना लावू देऊ नका. पुरातत्त्व खात्याचं तिकीट काढावं लागतं. ते भाड्यात धरलंय का, हे आधी विचारलेलं बरं. खाली उतरल्यावर शेजारीच बुद्धविहार आणि दादासाहेब फाळके स्मारक आहे. भारतीय चित्रपटाचा पाया घालणारे फाळके १८७० साली त्र्यंबकेश्वरी जन्मले. वेळ असेल तर विहारात दहा मिनिटं शांत बसा.

मुक्तिधाम नाशिकरोडला आहे, वाट वाकडी करून जावं लागतं. संगमरवरी मंदिर, भिंतींवर गीतेचे अठरा अध्याय कोरलेले, बारा ज्योतिर्लिंगांच्या प्रतिकृती. स्टेशनवर उतरणार असाल तर सकाळी पहिलंच उरका, नाहीतर सोडा.

पंचवटीत उतरलात की आधी काळाराम. सरदार रंगराव ओढेकरांनी अठराव्या शतकाच्या अखेरीस बांधलेलं. उन्हाळ्यात दुपारी आवारातला दगड असा तापतो की अनवाणी पाऊल ठेववत नाही, म्हणून पिशवीत जाड मोजे ठेवा. मी माझ्या प्रत्येक पाहुण्याला हे आदल्या दिवशी फोन करून सांगते. दर्शन झालं की लगेच गाडीकडे पळू नका. २ मार्च १९३० ला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली इथे मंदिरप्रवेशाचा सत्याग्रह सुरू झाला. दादासाहेब गायकवाड त्याच्या आघाडीवर होते. दरवाजे बंद केले गेले आणि लढा वर्षानुवर्षं चालला. पुढे १९३५ साली याच जिल्ह्यातल्या येवल्यात बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली. काही गाड्यांत रामायण सांगतात आणि हे गाळतात. गाईडने सांगितलं नाही तर तुम्ही विचारा, आणि मुलं सोबत असतील तर दरवाजासमोर उभं करून त्यांना सांगा. नाशिक बघायला आलेल्या माणसाने हे कळल्याशिवाय परत जाऊ नये, असं मला मनापासून वाटतं.

सीता गुंफा जवळच आहे. आत वाकून, काही ठिकाणी बसून सरकावं लागतं. गुडघ्याचा, कमरेचा किंवा दम्याचा त्रास असेल तर बाहेर, नंबर लावलेल्या वडांच्या सावलीत बसा. घरच्यांचा आग्रह मोडा. आत अडकल्यावर मागे फिरता येत नाही, मागे रांग असते.

तिथून उतरत रामकुंडाकडे या. वाटेत कपालेश्वर. इथे शंकरापुढे नंदी नाही. रामकुंडात स्नान कर म्हणजे ब्रह्महत्येचं पाप जाईल हा मार्ग नंदीने दाखवला, म्हणून शंकराने त्याला गुरू मानलं आणि समोर बसू दिलं नाही, अशी कथा आहे. रामकुंडावर गुरुजी विचारायला येतील. फक्त दर्शन असेल तर नम्रपणे ‘फक्त दर्शन’ म्हणा. पूजा करायची असेल तर दक्षिणा आधी ठरवा आणि गाडीवाल्याला वेळ सांगा. इथल्या तीर्थोपाध्यायांकडे घराण्यांच्या वह्या असतात, आडनाव आणि मूळ गाव सांगितलं की पणजोबांच्या हातची नोंदही सापडू शकते. पण ते काम दर्शनाच्या गाडीच्या घाईत होत नाही, त्यासाठी मुक्काम करा.

घाटावर दोन गोष्टी गाडीवाले दाखवत नाहीत, त्या स्वतः बघा. एक दुतोंड्या मारुती. नदीपात्रात उभी असलेली ही मूर्ती म्हणजे आमची पूर मोजायची पट्टी. पावसाळ्यात अख्खं गाव एकमेकांना विचारतं, पाणी मारुतीच्या गुडघ्याला की कमरेला? सराफ बाजारातले दुकानदार त्यावरून माल वर हलवायचं ठरवतात. माझ्या वडिलांच्या बोलण्यात १९६९ चा पूर यायचा, माझ्या बोलण्यात २००८ चा येतो. दुसरी नारोशंकराची घंटा. मंदिर १७४७ चं, घंटा पोर्तुगीजांची, मराठ्यांनी वसई जिंकल्यानंतर इकडे आलेली. एखाद्याचा आवाज मोठा असला की नाशकात त्याला या घंटेची आठवण करून देतात.

तपोवन शेवटी, आणि थोडक्यात. कपिला-गोदावरीचा संगम आणि लक्ष्मणाने शूर्पणखेचं नाक कापल्याची जागा इतकं बघून निघा. सोमेश्वरचा धबधबा फक्त पावसाळ्यात, नदीला पाणी असताना. वाइनरी देवदर्शनाच्या दिवशी जोडू नका; तिचा वेगळा दिवस करा, शक्यतो जानेवारी ते मार्च, द्राक्षं वेलीवर असताना.

गाडी साडेपाच-सहाला मोकळी करते. ड्रायव्हरला सांगून घाटावरच उतरा. संध्याकाळची गोदा आरती बघा, मग नदी ओलांडून पायी जुन्या नाशकात शिरा. भांडी बाजारात तांब्या-पितळेचे ढीग लागलेले असतात, पुढे सराफ बाजार, सरकारवाडा. मोठी बस या गल्ल्यांत येऊच शकत नाही, म्हणून कुठल्याही यादीत हे नसतं. सरकारवाड्याच्या दगडी पायऱ्या आणि लाकडी काम बाहेरून बघितलं तरी पेशवाईतलं नाशिक कळायला मदत होते. चिवडा घ्यायचा तो इथेच, शहरातल्या दुकानातून.

रात्रीची रेल्वे असेल तर रविवार कारंजावरून नाशिकरोडला निघताना हाताशी सव्वा तास ठेवा. अंतर नऊ-दहा किलोमीटरच आहे, पण द्वारका चौकात संध्याकाळी गाड्या अडकतात. रिक्षाचं भाडं बसण्याआधी ठरवा, किंवा सामान कमी असेल तर सिटीलिंकच्या बसने जा.