ज्युनिअरचा पगार तुमच्यापेक्षा जास्त आलाय? अर्ज टाकण्याआधी या चुका टाळा

सरकारी ऑफिसात पगाराची वेळ आली की कुणीतरी सहज विचारतं, "तुझं बेसिक किती?" आणि मग कळतं की आपल्यामागून लागलेला, ज्येष्ठता यादीत आपल्याखाली असलेला माणूस दरमहा ८०० रुपये जास्त घेतोय. खूप लागतं ते मनाला. मी बरीच वर्षं आस्थापना शाखेत (कर्मचाऱ्यांच्या नेमणुका-पगाराचं काम बघणाऱ्या) काढली, ज्युनिअरइतकं वेतन मागणारे अर्ज खूप हाताळले, आणि वाईट एवढंच वाटतं की ज्यांचा हक्क खरंच बनत होता त्यांचेही अर्ज परत गेले कारण अर्जच चुकीचा लिहिलेला.

सगळ्यात मोठी चूक म्हणजे "तो ज्युनिअर, त्याला जास्त, म्हणून मलाही द्या" एवढंच लिहिणं. ज्युनिअरइतकं वेतन वर उचलून घेणं, ज्याला आपण सगळे स्टेपिंग अप म्हणतो, ते फक्त ज्येष्ठतेवर मिळत नाही. दोघांचा संवर्ग (एकाच ज्येष्ठता यादीतला पदांचा गट) एक पाहिजे, खालचं पद आणि वरचं पद दोन्हीही सारखी पाहिजेत, वेतनस्तर सारखे पाहिजेत, खालच्या पदावर असताना तुमचं वेतन त्याच्याइतकं किंवा त्याच्यापेक्षा जास्त असलं पाहिजे, आणि फरक थेट वेतननिश्चितीच्या, म्हणजे नवं वेतन ठरवण्याच्या, नियमामुळे पडलेला पाहिजे. यातलं शेवटचं लोक वाचतच नाहीत. तफावत किती यापेक्षा ती कशामुळे, हे ऑफिस आधी बघतं.

म्हणजे तुम्ही बिनपगारी रजेवर गेलात आणि वेतनवाढ पुढे ढकलली गेली, किंवा पदोन्नती नाकारली, किंवा ज्युनिअरला तात्पुरती पदोन्नती आधी मिळाली, यातला फरक अनियमितता धरत नाहीत, म्हणजे त्यासाठी वेतन वर उचलून मिळत नाही. केंद्राच्या ४ नोव्हेंबर १९९३ च्या ज्ञापनात हे सरळ लिहिलंय, आणि स्थानिक तात्पुरत्या पदोन्नतीमुळे जास्त वेतन घेणाऱ्या ज्युनिअरच्या बाबतीत सुप्रीम कोर्टानं १९९७ मध्ये स्वामिनाथन प्रकरणात तेच धरलं. आश्वासित प्रगती योजनेचं (बढती न मिळताही ठराविक वर्षांनी वरचा वेतनस्तर देणारी) पण नीट बघा. आपल्याकडे महाराष्ट्रात २ मार्च २०१९ च्या जीआरनं १०, २०, ३० वर्षांचे तीन लाभ आले, पण तो लाभ ज्याचा त्याचा वैयक्तिक असतो, केंद्राच्या योजनेत तर स्पष्टच म्हटलंय की ज्युनिअरला त्यातून जास्त मिळालं म्हणून सीनिअरला जादा मिळणार नाही.

आता विकल्पाबद्दल, कारण माझ्या पाहण्यात सगळ्यात जास्त नुकसान इथेच होतं. पदोन्नतीच्या आदेशाबरोबर विचारतात की वेतननिश्चिती पदोन्नतीच्या तारखेपासून हवी की पुढच्या वेतनवाढीच्या तारखेपासून, आणि लोक गडबडीत तो कागद ड्रॉवरमध्ये टाकतात. समजा दोन लिपिक, दोघेही एस-६ या वेतनस्तरात २५,२०० वर, वेतनवाढ १ जुलैला, आणि १५ मे ला एकाच आदेशानं दोघांना एस-८ मिळालं. सीनिअरनं विकल्प दिलाच नाही, त्याला एक वेतनवाढ धरून २६,००० आणि तिथून एस-८ मधला पुढचा टप्पा २६,३०० मिळाला. ज्युनिअरनं १ जुलैचा विकल्प दिला, दीड महिना तो २५,५०० वर थांबला, आणि १ जुलैला दोन वेतनवाढी धरून २६,८०० आणि तिथून २७,१००. झाला ८०० चा फरक! यावर अर्ज केला की उत्तर येतं, हा नियमाचा परिणाम नाही, तुम्ही विकल्प दिला नाही त्याचा आहे. म्हणून विकल्पाची मुदत आदेशातच बघा, दोन्ही बाजूंनी आकडेमोड करा, लेखी द्या आणि सेवापुस्तकात (तुमच्या नोकरीच्या नोंदींची वही) नोंद झाली का ते स्वतः डोळ्यांनी बघा.

जिथे हक्क खरा बनतो तो नमुना पण सांगते. सीनिअर १ जानेवारी २०१६ च्या, म्हणजे सातव्या वेतन आयोगाच्या तारखेच्या, आधी बढती घेऊन गेला, त्याचं वेतन जुन्या रचनेतून २.५७ नं गुणून नव्यात आलं, आणि ज्युनिअर त्या तारखेनंतर बढती घेऊन नव्या तक्त्यात थेट वरच्या टप्प्यावर बसला. केंद्राच्या २०१६ च्या सुधारित वेतन नियमांत यासाठी तरतूदच आहे, वरच्या अटी पूर्ण होत असतील तर ज्युनिअरच्या बढतीच्या तारखेपासून सीनिअरचं वेतन त्याच्याइतकं करायचं. राज्याचे लोक असाल तर अर्जात आपल्या २०१९ च्या सुधारित वेतन नियमांतला नेमका नियम लिहा, केंद्राचा चिकटवू नका.

ग्रेवाल प्रकरणातला सुप्रीम कोर्टाचा २००९ चा निकाल, सीनिअरला ज्युनिअरपेक्षा कमी वेतन देता येत नाही म्हणणारा, सगळेच अर्जाला लावतात. लावा जरूर, पण त्याच्या जिवावर बसू नका, समोरून स्वामिनाथन येतोच.

अर्जाबरोबर तुलनात्मक तक्ता पाहिजेच पाहिजे. दोघांची नेमणूक, बढती, प्रत्येक वेतनवाढीची तारीख आणि त्या दिवशीचं मूळ वेतन, समोरासमोर, ज्या महिन्यात ज्युनिअर पुढे गेला त्या ओळीवर खूण. सोबत अंतिम ज्येष्ठता यादीची प्रत, तात्पुरत्या यादीची नाही. आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय टेबल सोडू नका.

उशीर पण करू नका. मॅटमध्ये (राज्य कर्मचाऱ्यांचे सेवाविषयक वाद ऐकणारं महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण) जायची मुदत साधारण एक वर्षाची असते. चुकीचं वेतन दर महिन्याला नव्यानं होणारं नुकसान म्हणून कोर्ट ऐकून घेतं, पण तरसेम सिंग निकालापासून (२००८) मागची थकबाकी बहुतेक वेळा तीन वर्षांपुरतीच मिळते, आधीचं गेलं ते गेलं. जिल्हा परिषदेचे कर्मचारी मॅटमध्ये जाऊन बसतात, त्यांचा रस्ता हायकोर्टाचा, यात पण महिने वाया जातात.

आणि ऑफिसनं वेतन वाढवून दिलं तरी वेतननिश्चिती बरोबर आहे का तपासणाऱ्या वेतन पडताळणी पथकाचा शिक्का सेवापुस्तकावर पडेपर्यंत पाठपुरावा सोडू नका. निवृत्तीच्या तोंडावर आक्षेप निघाला की वसुली मागे लागते. गट क आणि ड साठी वसुली रोखायला रफिक मसीह निकालाचा (२०१४) आधार आहे, पण जादा रक्कम परत करीन असं हमीपत्र दिलेलं असेल तर २०१६ च्या जगदेव सिंग निकालाप्रमाणे वसुली होऊ शकते, तेव्हा हमीपत्रावर सही करताना त्याची एक झेरॉक्स स्वतःकडे ठेवा.