ऐतिहासिक माहितीपट करताय? या चुका टाळा

ठाणे-नवी मुंबईत इतिहासाचे विषय पावलोपावली आहेत. माहितीपट अडतो तो पुराव्यापाशी. तिथे एकदा नाव खराब झालं की पुढचं काम मिळणं कठीण.

सर्रास होणारी चूक म्हणजे जुना दिसतोय म्हणून फोटो लावून टाकणे. निवेदनात १६ एप्रिल १८५३ ची बोरीबंदर-ठाणे पहिली गाडी आणि पडद्यावर खाडीच्या पुलावरून जाणारी आगगाडी, हे कितीदा पाहिलंय! ठाण्याच्या खाडीवरचा पूल स्टेशनच्या पुढे, कल्याणच्या वाटेवर. ठाणे-कल्याण मार्ग सुरू झाला १ मे १८५४ ला. मग ते चित्र पहिल्या दिवसाचं कसं असेल? चित्र वापरायचंच असेल तर ‘नंतरच्या काळातील’ अशी पट्टी द्या. ती न देणं ही मला प्रेक्षकाची फसवणूक वाटते.

प्रत्येक फोटो कुठून आणला, कोणी काढला, हक्क कोणाकडे, याची नोंद पहिल्या दिवसापासून ठेवा. सिनेमाचे हक्क प्रदर्शनानंतर ६० वर्षं टिकतात. फोटोला तोच हिशोब लावू नका. २०१२ च्या दुरुस्तीपासून तिथे छायाचित्रकाराच्या मृत्यूनंतरची ६० वर्षं धरतात. एडिट लॉक झालं, म्हणजे संकलन पक्कं ठरलं, आणि हक्क मिळत नाहीत? फोटो काढून टाका, तीच जागा आज शूट करा आणि सोबत १८८२ च्या ठाणे गॅझेटिअरमधला (जिल्ह्याच्या सरकारी माहितीग्रंथातला) उतारा वाचा.

१७३७ मध्ये मराठ्यांनी ठाणे घेतलं, त्यावर काम करायचं तर मोडी जाणणारा माणूस संहितेच्या आधीपासून सोबत हवा, आणि त्याला मानधन द्या. ठाण्याच्या किल्ल्यात आज मध्यवर्ती कारागृह आहे. लेखी परवानगीशिवाय तिथे कॅमेरा काढू नका, ड्रोन तर नाहीच.

मुलाखतींची घाई मात्र करायलाच हवी. नवी मुंबईसाठी ९५ गावांच्या जमिनी गेल्या. जानेवारी १९८४ च्या उरणच्या आंदोलनात गोळीबारात पाच जण हुतात्मा झाले. ते डोळ्यांनी पाहिलेली माणसं आता थकत चालली आहेत. पण घरात शिरल्या शिरल्या “आजोबा, साल कुठलं?” असं विचारू नका. “तेव्हा भात झोडून झाला होता का?” असं विचारा, आठवण आपोआप उलगडते. तारीख नंतर वर्तमानपत्रांशी ताडून बघता येते. आजोबांची तारीख चुकली तर त्यांना मध्येच थांबवू नका.

आवाजात घरघर येतेय? पंखा आणि फ्रिज बंद करा. गाडीची चावी फ्रिजमध्येच ठेवा, म्हणजे निघताना तो पुन्हा चालू करायचा राहत नाही. संमतीपत्र मराठीत असू द्या आणि सहीआधी मोठ्याने वाचून दाखवा.

पैशासाठी सुरुवातीची काही वर्षं जाहिरात किंवा कंपनीच्या फिल्म कराव्या लागतात, त्यात कमीपणा नाही. फक्त माहितीपटाच्या करारावर सही करताना एक कलम नीट बघा: न वापरलेल्या मुलाखती कोणाच्या? त्या आपल्याकडे राहतील, असं लिहून घ्या.