पुण्यातला घटस्फोटाचा दावा सोलापुरात वर्ग कसा करून घ्यायचा?

नवऱ्याने पुण्याच्या कौटुंबिक न्यायालयात दावा लावला आणि तुम्ही माहेरी सोलापुरात असाल, तर दर तारखेला अडीचशे किलोमीटर जायलाच हवं असं नाही. दावा इकडे वर्ग करून मागता येतो.

अर्ज कुठे करायचा हे आधी ठरवा. दोन्ही न्यायालयं मुंबई उच्च न्यायालयाखाली येतात, म्हणून दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम २४ प्रमाणे अर्ज उच्च न्यायालयात जातो. सोलापूर जिल्ह्याची प्रकरणं १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे (मुंबईबाहेर बसणाऱ्या खंडपीठाकडे) गेली, पुण्याची मात्र मुंबईतच आहेत. तेव्हा अर्ज कोणत्या ठिकाणी लावायचा हे वकिलांकडून पक्कं करून घ्या. सासर विजयपूर, कलबुर्गी किंवा हैदराबादचं असेल (सोलापुरात अशा सोयरिकी काही कमी नाहीत) आणि दावा तिकडे असेल, तर कलम २५ लागतं आणि अर्ज थेट सर्वोच्च न्यायालयात करावा लागतो.

मग कागद जमवा: समन्स, दाव्याची नक्कल, रोजनामा (प्रत्येक तारखेला न्यायालयात काय झालं त्याची नोंद), इथल्या पत्त्याचा पुरावा, मुलाचं बोनाफाईड, आईवडिलांच्या दुखण्याचे कागद. सोलापुरात तुमची पोटगीची केस चालू असेल तर तिचा नंबर आवर्जून द्या. नवरा त्या तारखांना इथे येतोच, मग या दाव्यालाही येऊ शकतो.

अर्जात सासूने काय केलं ते लिहीत बसू नका; तो मूळ दाव्याचा विषय. इथे फक्त अडचण मांडायची, तीही नेमकी. ‘प्रवास परवडत नाही’ यापेक्षा हे बघा: ‘अर्जदार विड्या वळते, मजुरी वळलेल्या विड्यांवर मिळते. तारखेच्या दिवशी मजुरी बुडते, वर भाडं. मूल चार वर्षांचं, सांभाळायला कोणी नाही.’ अशा अर्जात पत्नीची सोय पाहावी असं सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्येही सांगितलं आहे. तरी हुकूम हमखास मिळेल असं धरू नका. ‘भाडं देतो, व्हीसीवर (व्हिडिओ कॉलवरून) हजर राहा’ असं उत्तर समोरून येऊ शकतं.

सगळ्यात जास्त घात होतो तो पुढच्या गोष्टीत. वर्गाचा अर्ज दाखल झाला म्हणून पुण्याचं काम थांबत नाही! अर्जातच अंतरिम स्थगिती (अर्जाचा निकाल लागेपर्यंत पुण्याचं काम थांबवायचा हुकूम) मागा आणि ती मिळेपर्यंत तिथे वकील उभा करा, नाहीतर दावा एकतर्फी चालतो.

वकिलाची फी झेपत नसेल तर जिल्हा न्यायालयातल्या विधी सेवा प्राधिकरणात जा किंवा १५१०० वर फोन करा. स्त्रियांना मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही.

हुकूम झाला की त्याची प्रमाणित प्रत पुण्याच्या न्यायालयात द्या. रेकॉर्ड सोलापुरात आल्यावर नवा नंबर पडतो, तो ई-कोर्ट्स ॲपवर तपासत राहा. दावा पहिल्यापासून चालेलच असं नाही; जिथे थांबला तिथूनही पुढे नेता येतो.

पोटगीची केसही पुण्यात असेल तर तिच्यासाठी वेगळा अर्ज लागतो, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४४७ खाली.